१९६९चा कॅमेरा कोणाच्या हाती होता?

१/
भारतातला ‘नवा सिनेमा’ १९६९ साली जन्मला, असे पाठ्यपुस्तक सांगते. मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’, बासू चटर्जी यांचा ‘सारा आकाश’, मणि कौल यांचा ‘उसकी रोटी’. तीन दिग्दर्शक, तीन स्वभाव, तीन वाटा. परीक्षेत गुण मिळवायला एवढे पुरते. इतिहास म्हणून मात्र हे विधान लंगडे आहे, आणि ते का लंगडे राहिले हे तपासणे आवश्यक आहे. #थ्रेड

२/
या तिन्ही चित्रपटांच्या श्रेयनामावलीत एक नाव सामाईक आहे. छायालेखन : के. के. महाजन.

वय जेमतेम पंचविशीचे. पुण्याच्या संस्थेतून बाहेर पडून तीन-चार वर्षे झालेली. ज्या तीन चित्रपटांना समीक्षक तीन परस्परविरोधी टोके मानतात, ती तिन्ही एकाच माणसाने प्रकाशात आणली.

३/
ही गोष्ट प्रश्नमंजूषेतल्या चमकदार माहितीसारखी सांगितली जाते आणि पुढच्याच वाक्यात विसरली जाते. वास्तविक तिच्यामुळे सगळी मांडणीच बदलायला हवी. दिग्दर्शकांच्या नावांनी आखलेला नकाशा छायालेखकाच्या वाटेने चालून पाहिला, तर ज्या सीमा अभेद्य म्हणून शिकवल्या जातात त्यांतल्या निम्म्या तरी पुसल्या जातात.

४/
आधी माणूस. कृष्णधवल आणि रंगीत अशा दोन्ही काळांत काम केलेले महाजन १९४४ साली पंजाबातल्या गुरुदासपूर येथे जन्मले. पुण्यात १९६० साली केंद्र सरकारने प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या आवारात चित्रपटशिक्षणाची संस्था उघडली होती. लॉ कॉलेज रस्त्यावरचे हे आवार पुणेकर वाचकांच्या रोजच्या जाण्यायेण्यातले आहे. ज्या आवारात ‘संत तुकाराम’ आणि ‘कुंकू’ घडले, तिथेच आता भिंग, रसायन आणि प्रकाश यांचे रीतसर वर्ग भरू लागले. महाजन तिथून १९६६ साली छायालेखनाची पदविका घेऊन निघाले. मणि कौल आणि कुमार शहानी हेही त्याच काळातले विद्यार्थी.

५/
ही संस्था नसती तर काय झाले असते, याची कल्पना करण्यासाठी त्याआधीची रीत ठाऊक हवी. स्टुडिओत छायालेखक ‘शिकत’ नसे, तो ‘मुरत’ असे. प्रथम पेट्या उचलायच्या, मग टेप धरून अंतर मोजायचे, मग फोकस सांभाळायचा, मग वरिष्ठांच्या देखरेखीखाली कॅमेरा चालवायचा. स्वतंत्र काम मिळेतो केस पिकू लागत. या शिडीने थोर कलावंत दिले, यात शंका नाही. पण चोविसाव्या-पंचविसाव्या वर्षी संपूर्ण चित्रपटाची जबाबदारी घेऊन रूढ प्रकाशयोजना नाकारणारा माणूस त्या शिडीवरून सहसा उतरत नसे. ज्याने वीस वर्षे एक पद्धत आत्मसात केली, तो ती मोडायला कशाला निघेल?

६/
अपवाद होता, आणि तो लखलखीत होता. सुब्रत मित्र. झाँ रन्वार कलकत्त्यात ‘द रिव्हर’चे चित्रीकरण करीत असताना हा तरुण तिथे जाऊन निरीक्षण करीत बसे. ‘पथेर पांचाली’चे काम हाती घेतले तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता आणि त्याने चलत्‌चित्राचा कॅमेरा पूर्वी चालवलेला नव्हता. ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराचे अंगण कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारावे लागले. वरून येणारा आकाशाचा सावलीविरहित उजेड दिव्यांनी कसा आणायचा? मित्रांनी वर पांढरे कापड ताणले आणि दिवे त्यावर मारून परतलेला उजेड खाली घेतला.

७/
आज जाहिरातीच्या फोटोपासून लग्नाच्या चित्रफितीपर्यंत जो ‘बाउन्स’ उजेड वापरला जातो, त्याची भारतीय पडद्यावरची पहिली मोठी कामगिरी ही. आणि ती सर्रास कोणाच्या नावावर जमा होते? ‘सत्यजित राय यांच्या प्रकाशाच्या’. ‘नायक’ (१९६६) नंतर मित्र आणि राय पुन्हा एकत्र आले नाहीत. त्यानंतर मित्रांचे नाव रसिकांच्या चर्चेतून जवळजवळ अदृश्य झाले. म्हणजे महाजनांच्या बाबतीत जे घडले त्याचा नमुना आधीच तयार होता.

८/
आता पहिल्या भ्रमाकडे. ‘समांतर सिनेमा तसा दिसतो कारण पैसे नव्हते.’ दिवे परवडत नव्हते म्हणून नैसर्गिक प्रकाश, सेट परवडत नव्हते म्हणून खरी घरे, ट्रॉली परवडत नव्हती म्हणून हातातला कॅमेरा. ऐकायला हे सहानुभूतीचे वाटते. प्रत्यक्षात ते अपमानकारक आहे. कारण त्यातून असे सूचित होते की या चित्रपटांचे रूप कोणी घडवलेच नाही, ते दारिद्र्यातून आपोआप उगवले.

९/
फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनचे कर्ज तुटपुंजे होते, हे खरेच. पण त्याच तुटपुंज्या कर्जातून, त्याच काळात, त्याच माणसाच्या कॅमेऱ्याने टिपलेले तीन चित्रपट एकमेकांसारखे मुळीच दिसत नाहीत. दारिद्र्य जर शैली ठरवीत असते, तर तिघांचे रूप एक निघायला हवे होते.

१०/
‘भुवन शोम’ घ्या. उत्पल दत्त यांचा कडक रेल्वे अधिकारी सौराष्ट्रात पक्ष्यांच्या शिकारीला जातो. समुद्राकाठ, वाळूच्या टेकड्या, उघडे आकाश. माथ्यावरचे ऊन हा छायालेखकाचा शत्रू समजला जातो. ते डोळ्यांच्या खोबणीत काळोख भरते. परंतु वाळू स्वतःच उजेड वर फेकते आणि चेहरा खालून उजळतो. ज्याला हे गणित कळते, तो दुपारी चित्रीकरण थांबवत नाही. सुहासिनी मुळे यांची गौरी ज्या मोकळ्या, पारदर्शक उजेडात वावरते, तो उजेड आणि अधिकाऱ्याच्या कचेरीतला कोंदट करडेपणा यांच्या भेदातच चित्रपटाचा विनोद अर्धाअधिक मुरला आहे.

११/
आणि ‘उसकी रोटी’? मोहन राकेश यांची कथा. पंजाबातली बालो बसचालक नवऱ्याची भाकरी घेऊन थांब्यावर वाट पाहते. एवढेच. मणि कौल यांनी चित्रपटासाठी मुख्यतः दोन भिंगे योजली : २८ मिलिमीटर आणि ७५ मिलिमीटर. तरुण वाचकांसाठी यावर थोडे थांबणे भाग आहे, कारण हा निर्णय चित्रपटाचा कणा आहे.

१२/
२८ मिलिमीटरचे भिंग रुंद पाहते. जवळचा हात आणि दूरचे झाड दोन्ही स्पष्ट दिसतात. अवकाश खोल वाटतो. माणूस त्या अवकाशाचा एक भाग होतो. ७५ मिलिमीटर अरुंद पाहते. पार्श्वभूमी पुढे ओढली जाते, बोटभर अंतर चुकले तरी चेहरा धूसर होतो. माणूस भोवतालापासून तुटतो. कौल यांनी एका भिंगाला प्रत्यक्ष प्रतीक्षा आणि दुसऱ्याला मनातली प्रतीक्षा नेमून दिली, आणि चित्रपट पुढे सरकतो तसतशी ही नेमणूक उलटवली. बालो खरोखर उभी आहे की उभी असल्याचे मनात पाहते आहे, हे संवाद सांगत नाहीत. भिंग सांगते.

१३/
ही कल्पना दिग्दर्शकाची, निःसंशय. पण कल्पना फिल्मवर उतरवणे हे वेगळे काम आहे. पंजाबच्या उन्हात खोल फोकस मिळवणे सोपे : ॲपर्चर बारीक करा, सगळे स्पष्ट होते. त्याच उन्हात ७५ मिलिमीटरवर उथळ फोकस राखायचा तर ॲपर्चर उघडावे लागते, आणि ते उघडले की फिल्म जळते. मग भिंगापुढे करड्या काचा लावून उजेड मारायचा. शिवाय दोन भिंगांच्या प्रतिमा शेजारीशेजारी जोडल्यावर करडेपणाच्या छटा जुळल्या पाहिजेत. न जुळल्या तर प्रेक्षक ‘वास्तव आणि मन’ असा भेद न पाहता ‘चांगला शॉट आणि वाईट शॉट’ असा भेद पाहील. कौल यांचा सिद्धान्त पडद्यावर तग धरतो तो या जुळणीवर.

१४/
‘उसकी रोटी’ला चित्रपटगृहांतले रीतसर प्रदर्शन जवळपास लाभलेच नाही. छायालेखनाचे राष्ट्रीय पारितोषिक मात्र मिळाले. त्याच्या आदल्या वर्षी ते ‘सारा आकाश’साठी मिळाले होते. पुढे ‘माया दर्पण’ (१९७२) आणि ‘कोरस’ (१९७४) यांसाठी. एकूण चार. पहिली दोन आणि शेवटचे कृष्णधवल विभागात, ‘माया दर्पण’चे रंगीत विभागात.

१५/
इथे एक परिचित आक्षेप येतो आणि तो गंभीरपणे घ्यायला हवा. ‘तीन चित्रपट तीन प्रकारे दिसतात, म्हणजे महाजनांची स्वतःची शैलीच नव्हती. ते उत्तम तंत्रज्ञ होते. शैली दिग्दर्शकांची.’

१६/
या आक्षेपाच्या मुळाशी एक उसनवारी आहे. १९५०च्या दशकात फ्रेंच समीक्षकांनी दिग्दर्शकाला चित्रपटाचा एकमेव कर्ता ठरवले. हॉलिवुडच्या स्टुडिओ-साम्राज्यात दडपल्या गेलेल्या दिग्दर्शकांना बाहेर काढण्यासाठी ते शस्त्र त्यांच्या उपयोगी पडले. आपल्याकडच्या फिल्म सोसायट्यांनी ते शस्त्र उचलले, लढाई मात्र उचलली नाही. परिणामी एकाची मुक्तता करणारा विचार दुसऱ्याच्या विस्मरणाचे साधन झाला. १९७१ साली सत्यजित राय यांनी भारतीय नव्या लाटेविषयी शंका घेणारा लेख लिहिला आणि वाद पेटला. आज तो वाद शिकवला जातो तेव्हाही राय विरुद्ध सेन, राय विरुद्ध कौल असाच मांडला जातो. कॅमेऱ्यामागच्या माणसाला त्या आखाड्यात जागाच नसते.

१७/
पण आक्षेपाला खरे उत्तर सिद्धान्ताने देता येत नाही. चित्रपट पाहून द्यावे लागते. महाजनांचे चित्रपट दिग्दर्शकवार न पाहता कालक्रमाने पाहावेत. मग एक गोष्ट हळूहळू लक्षात येते, आणि एकदा आली की नजरेआड होत नाही.

घर.

१८/
‘सारा आकाश’ : आग्र्यातले एकत्र कुटुंब, नवविवाहित जोडपे परस्परांशी बोलत नाही, आणि न बोलण्यासाठीसुद्धा एकांत नाही. ‘माया दर्पण’ : सरंजामी हवेली, जिच्या दालनांतून तरन येरझारा घालते. ‘पिया का घर’ : मुंबईची चाळ, जिथे नवदांपत्याला एक कोपरा मिळत नाही. ‘एक दिन प्रतिदिन’ (१९७९) : कलकत्त्यातली अनेक भाडेकरूंची जुनी वास्तू, कमावती मुलगी रात्री परतत नाही आणि सज्जे-सज्जे जागे होतात. ‘खारिज’ (१९८२) : मध्यमवर्गीय घराच्या बंद स्वयंपाकघरात झोपलेला नोकर मुलगा गुदमरून मरतो. ‘खंडहर’ (१९८४) : घरच भग्नावशेष झालेले.

१९/
बासू चटर्जी, शहानी, सेन. तीन दिग्दर्शकांचे हे सहा चित्रपट. एकाही दिग्दर्शकाच्या चरित्रात ही मालिका मालिका म्हणून दिसणार नाही, कारण ती तिघांमध्ये विभागलेली आहे. ती दिसते फक्त छायालेखकाच्या कारकिर्दीत. दाटीच्या घरात कॅमेरा उभा कुठे करायचा, खिडकी हाच एकमेव दिवा असेल तर आतल्या भिंतीपर्यंत उजेड कसा न्यायचा, जिन्याच्या वळणावर थांबलेल्या बाईचा चेहरा किती दाखवायचा आणि किती गिळू द्यायचा, या प्रश्नांवर महाजनांनी पंधरा वर्षे काम केले. महाजनांना ‘घराचा छायालेखक’ व्हायचे होते असा दावा इथे नाही. दावा इतकाच की मध्यमवर्गीय भारतीय घर पडद्यावर कसे दिसावे, याचे व्याकरण या काळात बनले, आणि ते बनवणाऱ्यांत तो कॅमेरा सातत्याने हजर होता.

२०/
‘पिया का घर’चा (१९७२) उल्लेख मराठी वाचकांच्या भुवया उंचावेल. हा चित्रपट राजा ठाकूर यांच्या मराठी ‘मुंबईचा जावई’वरून केलेला. ज्या वर्षी शहानींच्या ‘माया दर्पण’सारखा दुर्गम म्हणवला जाणारा चित्रपट त्यांनी टिपला, त्याच वर्षी हा चाळीतला हसराखेळता चित्रपटही त्यांनीच टिपला. मग ‘रजनीगंधा’, ‘छोटी सी बात’, ‘चितचोर’. बसथांब्यावरचा अमोल पालेकर ज्या ओळखीच्या, न सजवलेल्या मुंबईत उभा राहतो, ती मुंबई आणि बालोचा बसथांबा एकाच नजरेने पाहिलेले आहेत. ‘कलात्मक’ आणि ‘व्यावसायिक’ यांच्यामधली जी भिंत आपण इतक्या आवेशाने रंगवतो, तिच्यातून हा माणूस रोज ये-जा करीत होता.

२१/
(आडवळण : ‘सारा आकाश’ राजेंद्र यादव यांच्या कादंबरीवर, ‘रजनीगंधा’ मन्नू भंडारी यांच्या कथेवर. यादव आणि भंडारी पतिपत्नी. हिंदी ‘नई कहानी’तले एक घर आणि पुण्याच्या संस्थेतला एक कॅमेरा, दोघांनी मिळून किती सिनेमा पोसला याचा स्वतंत्र थ्रेड होईल.)

२२/
रंगाचा प्रश्नही असाच. ‘माया दर्पण’ करण्यापूर्वी शहानी फ्रान्समध्ये रॉबेर ब्रेसाँ यांच्या ‘युन फाम दूस’वर साहाय्यक होते, ब्रेसाँ यांचा तो पहिला रंगीत चित्रपट. आपल्याकडे तेव्हा रंगीत फिल्म म्हणजे भडकपणा असे समीकरण होते : जास्तीत जास्त उजेड ओता, जास्तीत जास्त रंग दाखवा. ‘माया दर्पण’मध्ये रंग भिंतींत, वस्त्रांत, पानांत साठत जातो आणि अखेरच्या छाऊ नृत्यात एकदम उसळतो. अशा योजनेत एका दृश्याची छटा बिघडली तर पुढची दहा दृश्ये निरर्थक होतात. कृष्णधवलात दोन पारितोषिके मिळवलेल्या माणसाने रंगाकडे पूर्ण वेगळ्या शिस्तीने पाहिले, हे त्या चित्रपटाच्या कठोर टीकाकारांनीही तपासायला हवे होते.

२३/
मात्र एक दिग्दर्शक असा होता ज्याने छायालेखकाला पडद्यावर आणले. अक्षरशः.

मृणाल सेन यांच्या ‘इंटरव्ह्यू’मध्ये नायक रणजित मल्लिक ट्राममध्ये आहे. तो अचानक प्रेक्षकांकडे वळतो आणि सांगतो की आपण कोणी सिनेनट नाही, साध्या नोकरीतले आहोत, आपला दिवस चित्रित करण्यासाठी ही मंडळी आपल्या मागे लागली आहेत. आणि दृश्य उलटते : कॅमेरा घेतलेले के. के. महाजन समोर दिसतात.

२४/
हे दृश्य ‘चौथी भिंत मोडली’ म्हणून शिकवले जाते, ब्रेख्तचे नाव घेतले जाते, आणि पडद्यावर कोण दिसले याचा उच्चार न करता तास संपतो! भिंत मोडून पलीकडे जो माणूस उभा दाखवला, त्यालाच पुन्हा झाकून ठेवायचे, याला विनोद म्हणावे की अभ्यासक्रम?

२५/
त्या कॅमेऱ्याविषयी दोन शब्द. त्या काळात रस्त्यावरच्या कामासाठी ॲरीफ्लेक्स २सी हा हलका कॅमेरा प्रचलित होता. हातात धरून गर्दीत शिरता येई. पण तो घरघर आवाज करी, म्हणून जागेवरचा ध्वनी निरुपयोगी ठरे आणि संवाद नंतर भरावे लागत. सेन यांच्या ‘इंटरव्ह्यू’, ‘कलकत्ता ७१’ आणि ‘पदातिक’ या तिन्हींत नक्षलवादी काळातले अस्वस्थ शहर आहे. तिन्हींचे छायालेखन महाजनांचे. ज्या प्रतिमांकडे आज आपण १९७०च्या कलकत्त्याचा जवळजवळ दस्तऐवज म्हणून पाहतो, त्या एका पंजाबी तरुणाने पुण्यात शिकून बंगाली दिग्दर्शकासाठी टिपल्या. प्रादेशिक अस्मितेच्या कप्प्यांत त्या कशा बसवणार?

२६/
आता पैशाचा हिशेब. १९७६ साली संसदेच्या सार्वजनिक उपक्रम समितीने फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या कलात्मक चित्रपटांच्या धोरणावर ताशेरे ओढले. चित्रपट चालत नाहीत, कर्ज फिटत नाही. महामंडळ पुढे १९८० साली एनएफडीसीत विलीन झाले. ‘जनतेचा पैसा न चालणाऱ्या चित्रपटांवर उधळला’ हे विधान आजही सिनेमाच्या प्रत्येक चर्चेत कोणीतरी आणून टाकते.

२७/
या हिशेबात चित्रपट हे एकक आहे : इतके दिले, इतके परत आले. पण त्या पैशातून फक्त चित्रपट तयार झाले नाहीत, हात तयार झाले. ‘सारा आकाश’ला सरकारी कर्ज मिळाले, त्यावर कसलेला कॅमेरा मग ‘रजनीगंधा’कडे गेला, जो खासगी पैशावर निघाला आणि लोकांनी डोक्यावर घेतला. त्या यशातला सार्वजनिक गुंतवणुकीचा वाटा कोणत्या ताळेबंदात मांडला? छायालेखकाची कारकीर्द हाच तो न मांडलेला रकाना आहे.

२८/
विस्मरण केवळ समीक्षकांचे नाही, कायद्याचेही आहे. कॉपीराइट कायदा, १९५७. छायाचित्राचा कर्ता कोण? ते काढणारा. चित्रपटाचा कर्ता कोण? निर्माता. आणि याच कायद्यातली ‘छायाचित्रा’ची व्याख्या चित्रपटाचा कोणताही भाग स्पष्ट शब्दांत वगळते. म्हणजे ज्याने एक प्रतिमा टिपली तो कर्ता. ज्याने सेकंदाला चोवीस टिपल्या तो कोणीच नाही.

२९/
२०१०च्या दुरुस्ती विधेयकात मुख्य दिग्दर्शकाला निर्मात्यासह कर्ता मानण्याचा प्रस्ताव होता; तो गळला. २०१२ साली कायदा झाला तेव्हा गीतकार, संगीतकार, पटकथाकार यांना स्वामित्वधनाचा वाटा मिळाला, आणि ते न्याय्यच होते. छायालेखकाचा विचार प्रस्तावातही नव्हता. गंमत अशी की ज्या दिग्दर्शकाला समीक्षा एकमेव कर्ता मानते, त्यालाही हा कायदा कर्ता मानत नाही.

३०/
‘जुन्या गोष्टी उकरून काय मिळणार?’ असे विचारणाऱ्यांसाठी वर्तमानातला प्रश्न. के. के. महाजन जुलै २००७ मध्ये मुंबईत निवर्तले. ‘खंडहर’ची पुनरुज्जीवित प्रत २०१० साली कान महोत्सवाच्या अभिजात विभागात दाखवली गेली. पुनरुज्जीवन म्हणजे नुसते ओरखडे पुसणे नव्हे. प्रत्येक दृश्याचा उजेड, काळोख, रंग नव्याने ठरवावा लागतो. संगणकावर एक कळ फिरवली की भिंतीचा अंधार ‘स्वच्छ’ होतो. तो अंधार मुळात किती होता, हे फिल्मच्या निगेटिव्हपेक्षा नेमके कोणाला ठाऊक असते? ज्याने तो ठरवला त्याला. तो गेला, आणि त्याच्या नोंदी जपाव्यात असे कोणाला वाटले नसेल, तर पुढची पिढी जो ‘माया दर्पण’ किंवा ‘उसकी रोटी’ पाहील, तो कोणाचा असेल?

३१/
पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ सालचे. २०२२ मध्ये त्याचे एनएफडीसीत विलीनीकरण झाले. दिग्दर्शकांची हस्तलिखिते, पोस्टर, गाणीपुस्तिका जपण्याची जाणीव आपल्याकडे उशिरा का होईना आली. छायालेखकांच्या प्रकाशयोजनेच्या वह्या, फिल्टरच्या नोंदी, प्रयोगशाळेला दिलेल्या सूचना यांनाही ऐतिहासिक साधनाचा दर्जा मिळायला हवा. शिवकालीन पत्राच्या एका ओळीवरून तारखेचा काथ्याकूट करणाऱ्या मराठी इतिहासप्रेमींना ‘अस्सल साधन’ म्हणजे काय, हे समजावून सांगण्याची गरज नसावी.

३२/
उलट्या टोकालाही एक इशारा. काही उत्साही मंडळी आता ‘खरा कर्ता महाजनच’ अशी चित्रफीत बनवतील. ते तितकेच चूक. २८ आणि ७५च्या योजनेमागे कौल होते, ‘माया दर्पण’च्या रंगांमागे शहानींचा अभ्यास होता, ट्राममधली खोडी सेन यांची होती. एका सिंहासनावरून एकाला उतरवून दुसऱ्याला बसवायचे, तर सिंहासन तसेच राहते. बखरीतला इतिहास असाच लिहिला जात असे.

३३/
‘भुवन शोम’पासून ‘एक दिन अचानक’पर्यंत (१९८९) सेन आणि महाजन यांचे साहचर्य वीस वर्षांचे. शहानींसोबत ते ‘माया दर्पण’, ‘तरंग’, ‘ख्याल गाथा’, ‘कस्बा’ असे करीत ‘चार अध्याय’पर्यंत गेले. एवढ्या दीर्घ सोबतीत ‘कल्पना कोणाची आणि हात कोणाचा’ ही रेघ दोघांनाही आखता आली असेल, असे मानणे भाबडेपणाचे आहे.

३४/
आणि पुन्हा ‘खंडहर’. नसीरुद्दीन शाह यांचा सुभाष हा शहरातला छायाचित्रकार. पडक्या वाड्यात आजारी आईजवळ अडकलेली जामिनी, शबाना आझमी, त्याला दिसते. तो तिचे छायाचित्र काढतो आणि शहरात परततो. शेवटी त्याच्या स्टुडिओत ती भिंतीवर आहे, आणि तो पुढच्या कामाला लागला आहे.

भिंतीवरच्या त्या छायाचित्राचा कर्ता कायद्याने सुभाष. ज्या उजेडात आपण सुभाष, ती भिंत आणि तिच्यावरची जामिनी पाहतो, त्या उजेडाच्या कर्त्याचे नाव पाटी सरकते तेव्हा दोन-तीन सेकंद दिसते. चित्रपट यूट्यूबवर पाहत असाल तर तेवढ्यात ‘पुढे जा’ची कळ दाबू नका.